कोरिन लुशेरची कारकीर्द इतक्या लवकर का संपली?

१९३८ मध्ये एकाएकी नावारूपाला आलेली फ्रेंच अभिनेत्री कोरिन लुशेर युद्धानंतर पडद्यावर का दिसली नाही आणि जर्मनांशी जवळीक केल्यामुळेच तिची कारकीर्द संपली हे खरे आहे का, असे आपण विचारले आहे. माझ्या मते हे अर्धेच खरे आहे.

लेऑनीद मोगी यांच्या ‘प्रिझों साँ बारो’ या चित्रपटात मुलींच्या सुधारगृहातील नेलीची भूमिका तिने केली, तेव्हा ती जेमतेम सतरा वर्षांची होती. त्याच वर्षी निघालेल्या त्याच्या इंग्रजी आवृत्तीतही तीच भूमिका तिच्याकडे आली. पुढची दोन वर्षे तिला लागोपाठ कामे मिळाली आणि १९४० मध्ये इटलीत केलेला ‘अब्बांदोनो’ हा तिचा शेवटचा चित्रपट ठरला. जर्मनांच्या ताब्यातील फ्रान्समध्ये तिने एकाही चित्रपटात काम केले नाही. त्या काळात तिला क्षयाने गाठले होते आणि उपचारांसाठी तिला आरोग्यधामात राहावे लागत होते.

तिच्या नावावरचा डाग मुख्यतः घरातून आला. तिचे वडील, पत्रकार जाँ लुशेर, हे जर्मन राजदूत ओटो अबेट्झ यांचे जुने मित्र. नोव्हेंबर १९४० मध्ये त्यांनी ‘ले नुव्हो ताँ’ हे जर्मनधार्जिणे दैनिक सुरू केले. पुढे सिमोन सिन्योरे या नावाने प्रसिद्ध झालेली कोरिनची शाळासोबती काही महिने तिथेच सेक्रेटरी होती. मला सर्वांत जास्त अस्वस्थ करणारी गोष्ट मात्र वेगळीच आहे. कोरिनला घडवणारे मोगी, पिएर शनाल आणि रेमों बर्नार हे तिन्ही दिग्दर्शक ज्यू होते. जर्मनांशी हातमिळवणी केलेल्या फ्रेंच सरकारच्या ऑक्टोबर १९४० च्या कायद्याने ज्यूंना चित्रपट व्यवसायाची दारे बंद झाली. मोगी अमेरिकेला गेले, शनाल अर्जेंटिनाला, तर बर्नार फ्रान्समध्येच लपून राहिले. ज्या राजवटीने त्यांना हाकलले, तिचीच तरफदारी कोरिनच्या वडिलांचे दैनिक करत होते आणि ती स्वतः त्या राजवटीच्या मेजवान्यांना हजर असे. तिचे तरुण वय आणि आजारपण लक्षात घेऊनही मला याकडे डोळेझाक करता येत नाही.

१९४४ मध्ये ती वडिलांसोबत जर्मनीतील सिगमारिंगेनला, म्हणजे त्या सरकारचे पळालेले लोक जिथे जमले होते त्या गावी गेली; १९४५ मध्ये दोघांना इटलीत अटक झाली. वडिलांना २२ फेब्रुवारी १९४६ रोजी गोळ्या घालून मृत्युदंड देण्यात आला. कोरिनला दहा वर्षांची ‘राष्ट्रीय अप्रतिष्ठा’ ही शिक्षा झाली, म्हणजे मतदानासह तिचे नागरी हक्क काढून घेण्यात आले. तिच्या आठवणींचे पुस्तक १९४९ मध्ये निघाले आणि २२ जानेवारी १९५० रोजी, वयाच्या अठ्ठाविसाव्या वर्षी, क्षयानेच तिचा अंत झाला.

अभिनेत्री म्हणून तिची पारख करायची असेल, तर शनाल यांचा १९३९ चा ‘ल देर्निए तुर्नां’ पाहावा. जेम्स केन यांच्या ‘द पोस्टमन ऑल्वेज रिंग्ज ट्वाइस’ या प्रसिद्ध कादंबरीवरचा तो पहिला चित्रपट असून त्यात मिशेल सिमों यांच्या पत्नीच्या भूमिकेत कोरिन आहे.