नातू म्हणतो, दि. बा. पण वकीलच होते

प्रश्न : ताई नमस्कार. आम्ही घणसोली गावठाणातले, जमीन सिडकोत (नवी मुंबई वसवणारी सरकारी कंपनी) गेलेली. नातू ठाण्याला एलएलबीच्या दुसऱ्या वर्षाला आहे आणि आतापासूनच एका पक्षाच्या ऑफिसात जाऊन बसतो. विचारलं की म्हणतो, दि. बा. पाटील पण वकीलच होते ना. वकिलीचा राजकारणात खरंच उपयोग होतो का? आणि उद्या आमदार झालाच तर वकिलीची सनद (परवाना) परत करावी लागते का? – एक आजोबा, घणसोली

उत्तर : काका, सनदेचं आधी सांगते, परत नाही करावी लागत. आमदार-खासदारांनी वकिली करायला हरकत नाही असं सुप्रीम कोर्टाने सप्टेंबर २०१८ मध्येच सांगितलंय, कारण बार कौन्सिलची बंदी पूर्णवेळ पगारी नोकरी करणाऱ्यावर आहे आणि आमदार कुणाचा नोकर नसतो.

आता दि. बां.चं, म्हणजे आपल्या प्रकल्पग्रस्तांच्या नेत्याचं. कायदा शिकून राजकारणात गेलेले आपल्याकडे पुष्कळ, यशवंतराव चव्हाण, विलासराव देशमुख, आपल्या रायगडचे अंतुले तर बॅरिस्टर. पण वकिली लोकांच्या कशी कामाला येते हे बघायचं तर मला दि. बां.शिवाय दुसरं नाव सुचत नाही. जासईच्या शेतकऱ्याच्या घरातला मुलगा, वकील झाला, शेकापकडून १९५७ ला पनवेलचा आमदार झाला, पाच वेळा विधानसभेत, दोनदा लोकसभेत, विरोधी पक्षनेतेपदही भूषवलं. हे सगळं ठीकच, पण खरा कस लागला तो १९७० ला सिडको आल्यावर, शेतकऱ्यांच्या जमिनी जायला लागल्यावर.

तेव्हा भूसंपादन चालायचं १८९४ च्या इंग्रजांच्या कायद्याने. त्यातली एक गोष्ट नातवाला नक्की विचारा. निवाडा, म्हणजे मोबदला ठरवणारा सरकारी आदेश, झाला, पैसे घ्यायला माणूस गेला आणि पैसे घेताना ‘अंडर प्रोटेस्ट’, म्हणजे हरकत राखून घेतोय, असं नोंदवलं नाही तर वाढीव मोबदल्यासाठी कलम १८ खाली कोर्टात जायचा त्याचा हक्कच संपायचा, आणि अर्ज करायला मुदत पण अगदी थोडी, काही बाबतीत फक्त सहा आठवडे. ज्याला सही करायला पण अंगठा लागतो त्या आगरी-कोळी माणसाला हे कोण सांगणार? अशा वेळी गावात कायदा कळणारा आपला माणूस असणं म्हणजे काय असतं ते तुमच्या पिढीला मी काय सांगायचं.

जानेवारी १९८४ ला जमिनीच्या आंदोलनात उरण तालुक्यात पोलिसांचा गोळीबार झाला, पाच शेतकरी गेले. रस्त्यावरचं आंदोलन पेटतं आणि विझतं, पण दि. बां.नी लावून धरलेली मागणी साधी आणि कागदावर मांडता येईल अशी होती, की जमीन गेली तर नुसते पैसे नकोत, विकसित जमिनीत वाटा पाहिजे. त्यातूनच पुढे साडेबारा टक्के आलं, म्हणजे गेलेल्या जमिनीच्या साडेबारा टक्के इतका विकसित भूखंड शेतकऱ्याला परत. आज आपल्याकडे कुणी नुसतं ‘साडेबारा टक्के’ म्हटलं तरी शेंबड्या पोराला कळतं, आणि जून २०२१ ला नवी मुंबईच्या विमानतळाला त्यांचं नाव द्या म्हणून सिडको भवनावर माणसं लोटली ती पण उगाच नाही.

म्हणून काका, पक्षाच्या ऑफिसात बसू दे, त्याला अडवू नका, पण सतरंज्या उचलत वर्षं घालवू नकोस असं मात्र स्पष्ट सांगा. डिग्री पुरी करू दे, बार कौन्सिलची परीक्षा देऊ दे, मग ठाणे नाहीतर पनवेल कोर्टात भूसंपादनाच्या केसेस बघणाऱ्या एखाद्या सिनियरकडे काही वर्षं राहू दे. प्रकल्पग्रस्तांनी परवानगीशिवाय गरजेपोटी बांधलेल्या घरांचा प्रश्न अजून लोंबकळतोय, साडेबारा टक्क्यांचे वारसांचे वाद आहेत, कामाला तोटा नाही. नगरसेवकाला एकवीस वय लागतं, आमदाराला पंचवीस, त्याच्याकडे वेळ भरपूर आहे. आणि घरात तुमच्या जमिनीच्या निवाड्याची कॉपी असेल ना, ती या रविवारी त्याच्याकडून पूर्ण वाचून घ्या आणि तुम्हाला कळेल अशा भाषेत समजावून सांग म्हणा, आणि अडला तर सोमवारी सरांना विचारून ये म्हणावं.