अ‍ॅल्युमिनियम ट्रिस-ओ-इथाइल फॉस्फोनेट म्हणजे काय? ते खत आहे का?

तुमचा प्रश्न असा आहे: संत्र्यासाठी फोसेटिल-एएल ८० टक्के डब्ल्यूपी हे बुरशीनाशक आणलं, पाकिटाच्या मागे बारीक अक्षरात वरचं लांबलचक नाव आहे. दुकानात सांगितलं की यात फॉस्फरस आहे, झाडाला ताकदही मिळेल, कॉपरबरोबर (म्हणजे तांब्याच्या बुरशीनाशकाबरोबर) एकाच टाकीत मारून टाका. तर या नावाचा अर्थ काय आणि किती वेळा मारायचं?

टाकीत कॉपर अजून घातलं नसेल तर घालू नका. घातलं असेल तर ती टाकी झाडांवर नेऊ नका. बाकीचं त्यानंतर वाचा.

नाव मागून पुढे वाचत या, म्हणजे उलगडतं. शेवटचा शब्द फॉस्फोनेट. तो फॉस्फेटसारखा दिसतो आणि सगळा घोळ तिथेच होतो. डीएपी, सुपर फॉस्फेट या खतांत असतं ते फॉस्फेट, म्हणजे फॉस्फरसच्या एका अणूभोवती ऑक्सिजनचे चार अणू. फॉस्फोनेटमध्ये त्या चारांतला एक ऑक्सिजन नसतो, त्याच्या जागी हायड्रोजन थेट फॉस्फरसला चिकटलेला असतो. झाडाला बाहेरून हा फरक कळत नाही, दोन्ही एकाच वाटेनं आत येतात. पण आत आल्यावर फॉस्फेटचा उपयोग होतो आणि फॉस्फोनेट तसंच पडून राहतं. त्यातून झाडाला अन्न मिळत नाही. जमिनीतले जिवाणू त्याचं हळूहळू फॉस्फेट करतात हे खरं. मग हिशोबच करून बघू. एका झाडाच्या आळ्यात १० लिटर द्रावण ओतलं, लिटरला २.५ ग्रॅमनं, तर भुकटी गेली २५ ग्रॅम. त्यात मूळ औषध २० ग्रॅम, आणि त्यात फॉस्फरस साधारण सव्वापाच ग्रॅम. सगळंच्या सगळं फॉस्फेट झालं असं धरलं तरी ते २६ ग्रॅम डीएपीच्या बरोबरीचं, अर्धी मूठसुद्धा नाही. फोसेटिलचा भाव आणि डीएपीचा भाव शेजारी ठेवून बघा, म्हणजे ‘ताकद मिळेल’ या वाक्याची किंमत कळेल. मंडीजवळच्या काउंटरवर हे वाक्य मी अनेक वर्षं ऐकतोय आणि अनेक वर्षं त्यावर भांडतोय.

त्याआधीचा शब्द इथाइल. ही दोन कार्बनची छोटी शेपटी. तिच्या आधीचं ‘ओ’ म्हणजे ऑक्सिजन. शेपटी ऑक्सिजनच्या मार्फत फॉस्फरसला जोडलेली आहे, थेट नाही. हे एक अक्षर क्षुल्लक समजू नका. इथेफॉन तुम्हाला माहीत असेल. त्याच्याही रासायनिक नावात इथाइल आहे, फॉस्फोनिक आहे. पण तिथे कार्बन थेट फॉस्फरसला बांधलेला असतो आणि दुसऱ्या टोकाला क्लोरीन असतो. ते झाडात गेलं की इथिलीन वायू सोडतं, फळं पिकतात, पानं गळतात. ग्लायफोसेट हे तणनाशकसुद्धा याच फॉस्फोनिक घराण्यातलं. म्हणून नावात ‘फॉस्फो’ दिसलं की औषध कशाचं आहे ते समजलं, असं धरून चालू नये. गोदामात उघडी पाकिटं शेजारी ठेवणाऱ्यांनी तर नाहीच.

ट्रिस म्हणजे तीनदा. अ‍ॅल्युमिनियमवर तीन धन भार असतात, ते भागवायला इथाइल फॉस्फोनेटचे तीन गट लागतात. साध्या ‘ट्राय’ऐवजी ‘ट्रिस’ अशासाठी, की पुढचा अख्खा गट तीनदा घ्यायचा आहे, त्यातला एखादा तुकडा नव्हे. फोसेटिलच्या पुढचं ‘एएल’ म्हणजेच अ‍ॅल्युमिनियमची खूण, ती कंपनीची शेपटी नाही. ८० टक्के डब्ल्यूपी म्हणजे १०० ग्रॅम पाकिटात ८० ग्रॅम औषध, बाकी ती भुकटी पाण्यात मिसळावी म्हणून घातलेला माल. फ्रान्सच्या रोन-पूलांक कंपनीनं हे १९७७ च्या सुमारास बाजारात आणलं. अलिएट या नावानं जे मिळतं ते हेच.

आता हे करतं काय. पानात शिरलं की त्याचं फॉस्फोनिक आम्ल होतं आणि ते झाडात वरही जातं, खालीही जातं. ही खालची वाट महत्त्वाची आहे. मेटालॅक्झिल हे याच रोगांवरचं दुसरं औषध, ते मुख्यतः पाण्याबरोबर वर चढतं. पानावर मारलेलं मेटालॅक्झिल मुळाशी पोचत नाही. फोसेटिल पोचतं. पण ते चालतं अन्नरसाच्या ओढीनं, आणि रस बनवायला झाडावर जिवंत, पक्की पानं पाहिजेत. पानं झडून काड्या उरलेल्या झाडावर फवारणं म्हणजे औषध जमिनीवर सांडणं. म्हणून हे औषध रोग दिसल्यावरचं नाही, त्याच्या आधीचं आहे. जास्त परिणाम मुळं कुजवणाऱ्या फायटोफ्थोरा, पिथियम आणि केवडा रोग आणणाऱ्या जातींवर. या दिसतात बुरशीसारख्या, पण खऱ्या बुरशीच्या घराण्यातल्या नाहीत. यांच्या भिंतीत सेल्युलोज असतं. भुरीवर हे मारून उपयोग नाही. त्याला ‘बुरशीनाशक’ म्हणतात एवढ्यावरून पानावरच्या प्रत्येक डागावर ते मारलं जातं, हे बघून मला खरोखर वाईट वाटतं.

मध्य प्रदेशातल्या आपल्या माळव्यात संत्र्याला फायटोफ्थोरा इतका का लागतो, तर काळी माती. ‘डग डग रोटी, पग पग नीर’, म्हणजे पावलोपावली भाकरी आणि पाणी, हे आपण अभिमानानं म्हणतो, पण संत्र्याच्या मुळाला तेच नीर नको असतं. ऑगस्टमध्ये आळ्यात दोन दिवस पाणी उभं राहिलं की फायटोफ्थोराचे बीजाणू त्या पाण्यात अक्षरशः पोहत बारीक मुळांपर्यंत जातात.

आगर-मालव्याच्या बाजूची एक बाग सांगतो, कारण तुमच्या दुकानदारानं दिलेला सल्ला तिथे जसाच्या तसा पाळला गेला. झाडं सहा वर्षांची, जंबेरी खुंटावर कलम केलेली, खालचा तुकडा नाल्याला लागून. २०० लिटरच्या ड्रममध्ये ५०० ग्रॅम फोसेटिल, ६०० ग्रॅम कॉपर ऑक्सिक्लोराइड आणि ‘ताकदीसाठी’ किलोभर १२:६१:०० खत. तिसऱ्या दिवशी पानांची टोकं तपकिरी झाली, कोवळी नवती कडेनं करपून आत वळली. फळांवर फक्त पंपाच्या बाजूला गडद ठिपके, मागची बाजू स्वच्छ. बागवाल्याला वाटलं रोग पसरला, आणि तो दुसरा ड्रम भरायला निघाला होता. रोग पंपाची बाजू बघून येत नाही. ते ठिपके जळल्याचे होते. झालं असं, की कॉपर ऑक्सिक्लोराइड साध्या पाण्यात जवळजवळ विरघळत नाही, म्हणून ते पानावर निमूट बसून राहतं. फोसेटिलचं द्रावण मात्र आंबट असतं, पीएच ३ ते ४ च्या आसपास. त्या आंबटपणात तांबं सुटं होतं आणि थेट पानाच्या पेशीत शिरतं. ड्रमच्या काठाला निळसर कडं दिसत होतं. वरून १२:६१:०० मधलं फॉस्फेट, जे फोसेटिलच्याच वाटेनं आत जातं. दोघं एका दाराशी उभे केले तर औषधाचा वाटा कमी होणारच. म्हणजे पानं जाळली, औषध अर्धं वाया घालवलं, आणि मुळं होती तशीच. तिथे नवा पाला पक्का होईपर्यंत काहीही मारायचं नाही, खालच्या तुकड्यातलं पाणी आधी काढायचं, एवढाच इलाज होता.

त्या बागेत मुळं उकरून बघितली तेव्हा खरा पत्ता लागला. तुम्हीही हे करा. आळ्याच्या कडेची वीतभर माती हातानं सारा, बारीक मूळ चिमटीत धरून ओढा. वरची साल मोज्यासारखी निघून हातात आली आणि आत पांढरा दोरा उरला, तर ती फायटोफ्थोराची मूळकूज. बुंध्यावर डिंक दिसत असेल तिथे चाकूनं साल खरवडा. निरोगी साल आतून हिरवट-पांढरी, रोगट साल तपकिरी आणि ओलसर, वास आंबट. साल कोरडी, आतलं लाकूड डागाळलेलं आणि डिंक नाही, असं असेल तर ती बहुधा कोरडी मूळकूज. ती दुसऱ्याच बुरशीनं होते आणि फोसेटिल तिच्यावर काम करत नाही. हे न बघता पाकीट उघडूच नये असं माझं ठाम मत आहे.

बघून झालं आणि फायटोफ्थोराच निघाला, तर प्रमाण लिटरला २.५ ग्रॅम. नागपूरच्या सिट्रस संस्थेची शिफारस हीच आहे. १५ लिटरच्या पंपाला साडेसदतीस ग्रॅम, २०० लिटरच्या ड्रमला ५०० ग्रॅम. भुकटी आधी तांब्याभर पाण्यात कालवून पातळ लगदा करा, मग ड्रममध्ये ओतून ढवळा. थेट ड्रमवर टाकली तर गुठळ्या होतात आणि नोझल अडकतं. डोळ्यांवर चष्मा घालाच, ही भुकटी डोळ्याला गंभीर इजा करते. पानांच्या दोन्ही बाजू ओल्या होतील असं मारा. नवती पक्की झाल्यावर मारा, कोवळ्या फुटीवर नको. नंतर चार-सहा तास पाऊस नको. पहिली फवारणी पावसाच्या तोंडाशी किंवा जुलैतली उघडीप बघून, पुढची महिना-दीड महिन्यानं. मुळकुजीची झाडं असतील त्यांना त्याच प्रमाणात आळवणीही (मुळाशी द्रावण ओतणं), मोठ्या झाडाला ८ ते १० लिटर, पण आळ्यातलं पाणी उतरल्यावर. चिखलात ओतलेलं औषध नाल्यात जातं.

कॉपरचं म्हणाल तर मी त्याच्या विरोधात मुळीच नाही. मोरचूद आणि चुन्याचं बोर्डो मिश्रण हेही कॉपरच. ‘बोर्डो जुना झाला’ म्हणणारे आणि ‘बोर्डो असताना महागाचं कशाला’ म्हणणारे, दोघंही मला चुकलेले वाटतात. बुंध्याला बोर्डो पेस्ट पावसाआधी लावायचीच, जमिनीपासून तीन फुटांपर्यंत. किलोभर मोरचूद पाच लिटर पाण्यात, किलोभर कळीचा चुना पाच लिटरात, दोन्ही वेगळ्या प्लास्टिकच्या बादल्यांत, मग तिसऱ्या बादलीत एकदमच ओतत ढवळायचं. स्वच्छ खिळा किंवा विळ्याचं टोक मिनिटभर बुडवून काढा. त्यावर तांबूस लेप आला तर चुना कमी आहे, आणखी घाला. लावायची त्याच दिवशी. डिंकाची जागा असेल तर आधी रोगट साल निरोगी कडेपर्यंत खरवडून काढा आणि ती साल बागेबाहेर नेऊन जाळा. बुंध्याला बोर्डो, पानांना फोसेटिल, आणि दोन्हींची गाठ पडू द्यायची नाही. पानांवर कॉपर मारलं असेल तर फोसेटिलपूर्वी निदान तीन आठवडे जाऊ द्या, मध्ये चांगला पाऊस झाला तर उत्तम.

दोन गोष्टी आधी सांगायला हव्या होत्या. एक, पाकिटातलं पत्रक उघडून तुमचं पीक त्यात छापलेलं आहे का आणि काढणीपूर्वी किती दिवस थांबायला सांगितलंय ते बघा. भारतात हे द्राक्षाच्या केवड्यासाठी आणि वेलदोड्यासाठी जास्त ओळखलं जातं. दुसरं, फॉस्फोनिक आम्ल झाडात खूप काळ टिकतं आणि युरोपात त्याचा अवशेष मोजतात. माल निर्यातीला देणार असाल तर घेणाऱ्याशी आधी बोला. ‘टॉनिक’ म्हणून विकलेलं पोटॅशियम फॉस्फाइटसुद्धा (फॉस्फाइट हे फॉस्फोनेटचंच दुसरं नाव) त्याच मोजणीत येतं, हे बऱ्याच जणांना नमुना परत आल्यावर कळतं.

आणि दर वर्षी फक्त हेच मारत राहू नका. मेटालॅक्झिलवर बटाट्याच्या उशिराच्या करप्यानं १९८० मध्येच, म्हणजे औषध आल्यावर तीन-चार वर्षांत, युरोपात मात केली होती. फोसेटिलला तसं होणं दुर्मीळ आहे, पण केवड्याच्या काही जातींत झालेलं आहे. एक वर्षाआड मेटालॅक्झिल-मॅन्कोझेब ७२ डब्ल्यूपी, लिटरला २.७५ ग्रॅम, असं आलटून पालटून ठेवा.

नवीन रोपं आणणार असाल तर जंबेरीऐवजी रंगपूर लाइम खुंटाची मागा, त्याला हा रोग कमी लागतो. कलमाचा डोळा जमिनीपासून वीतभर तरी वर असलेलीच घ्या, आणि लावताना तो जोड मातीत पुरू नका. पाणी बुंध्याला लागणार नाही असं दुहेरी आळं करा, आणि नाल्याकडच्या उताराला दोन ओळींमागे एक चर खणून ठेवा.