व्हॅल अकरमन कॉलेजच्या खेळाडू होत्या, मग डब्ल्यूएनबीए या अमेरिकेतल्या महिला बास्केटबॉल लीगच्या पहिल्या अध्यक्ष कशा झाल्या?
वकिलीमुळे. व्हर्जिनिया विद्यापीठाकडून १९८१ पर्यंत चार वर्षं गाजवली, एक हंगाम फ्रान्समध्ये व्यावसायिक खेळल्या. मग यूसीएलए या कॅलिफोर्नियातल्या विद्यापीठातून कायद्याची पदवी घेतली आणि १९८८ मध्ये एनबीए या पुरुषांच्या बास्केटबॉल लीगमध्ये वकील म्हणून लागल्या. करारमदार आणि लीगचा कारभार आतून कळला तो तिथेच, म्हणून १९९६ मध्ये अध्यक्षपद त्यांच्याकडे आलं.

२१ जून १९९७ ला डब्ल्यूएनबीएची आठ संघांनिशी सुरुवात झाली. सामने उन्हाळ्यात ठेवले हे माझ्या मते सगळ्यात मोठं शहाणपण: एनबीएची स्टेडियम तेव्हा रिकामी असतात आणि टीव्हीवर बास्केटबॉलची गर्दी नसते. हिवाळ्यात खेळणारी प्रतिस्पर्धी महिला लीग एबीएल डिसेंबर १९९८ मध्येच पैशांअभावी बंद पडली. २००५ मध्ये अकरमन अध्यक्षपदावरून पायउतार झाल्या. २०१३ मध्ये बिग ईस्ट या कॉलेज कॉन्फरन्सच्या, म्हणजे आपसांत खेळणाऱ्या कॉलेजांच्या गटाच्या, आयुक्त झाल्या.