गोव्यात मोरजीच्या शॅकवरची (किनाऱ्यावरच्या हंगामी खानावळीतली) हाडांचा सापळा झालेली मांजर घरी आणली आहे. तिचं वजन लवकर वाढावं म्हणून काय खायला घालू?

आधी आई तिला घालतात ती तांदळाची पेज बंद करा. आजच, पुढच्या वाटीच्या आत. बाकीचं सावकाश वाचलंत तरी चालेल.

तुमच्या प्रश्नातून मला समजलं ते असं: मोठी मादी, वजन दोन किलोच्या आसपास, पाठीचा कणा आणि कमरेची हाडं हाताला टोचतात. समोर येईल ते अधाशासारखं खाते आणि लगेच पुन्हा मागते. आई तिला दूध आणि मऊ पेज घालतात, शेजाऱ्यांनी टॉनिकची बाटली आणून दिलीय, घरात आधीचा एक बोका आहे. ऑक्टोबरात शॅक उघडले की तिला परत सोडायचं का, हेही तुम्ही विचारलंय. मी डॉक्टर नाही. फोंड्याला घरी अशी रोडावलेली मांजरं सांभाळते आणि डॉक्टरांकडून शिकत आलेय, तेवढ्या आधारावर लिहितेय.

आईंचं चुकतंय असं नाही. आपल्याकडे तापातून उठलेल्या माणसाला उकड्या तांदळाची पेजच देतात आणि ती मानवतेही. पण मांजर पक्की मांसाहारी, आणि त्यातही बरेच दिवस उपाशी राहिलेली. उपासमारीत शरीर स्वतःचीच चरबी आणि स्नायू जाळून चालतं. त्या काळात पेशींमधला फॉस्फरस, पोटॅशियम आणि मॅग्नेशियमचा साठा रिकामा होत जातो, तरी रक्तात आकडे बऱ्यापैकी ठीक दिसू शकतात. अशा वेळी भात, पेज, बिस्किट, पाव किंवा ग्लुकोज पोटात गेलं की साखर वाढते, इन्सुलिन सुटतं आणि रक्तात उरलेला फॉस्फरस व पोटॅशियम एकदम पेशींत ओढला जातो. रक्तातली पातळी कोसळते. फॉस्फरस फार खाली गेला तर तांबड्या पेशी फुटायला लागतात, पोटॅशियम गेलं तर स्नायू आणि हृदय साथ सोडतात. साखर वापरताना ब १ जीवनसत्त्वही संपतं, ते तर उपाशी मांजरात आधीच कमी असतं. दुसऱ्या महायुद्धानंतर छावण्यांतून सुटलेले उपाशी कैदी पोटभर जेवल्यावर दगावले, तेव्हा डॉक्टरांचं याकडे नीट लक्ष गेलं. म्हणून तिची भूक किती आहे यावर वाढप ठरवू नका. ती मागेल तेवढं घालणं हीच या आठवड्यातली सगळ्यात धोक्याची गोष्ट आहे.

मग किती घालायचं? डॉक्टर लोक एक सोपा हिशेब वापरतात: वजनाला 30 ने गुणा आणि 70 मिळवा. दोन किलोच्या मांजरीला नुसतं पडून राहायला दिवसाला 130 किलोकॅलरीच्या आसपास लागतात. पहिल्या दिवशी याचा पाव भाग, म्हणजे 30 ते 35. दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी निम्मं, मग पाऊण, आणि सगळं ठीक असेल तर पाचव्या दिवसाच्या आसपास पूर्ण 130. कुठल्याही पायरीवर जुलाब, उलटी किंवा सुस्ती दिसली तर पुढे न जाता आहात तिथेच थांबा आणि डॉक्टरांना फोन करा.

दुकानात मिळणाऱ्या ओल्या खाण्याच्या 80 ग्रॅमच्या पाकिटात साधारण 60 ते 80 किलोकॅलरी असतात, पाकिटावर छापलेलं असेल तर तेच धरा. म्हणजे पहिल्या दिवसाला जेमतेम अर्धं पाकीट, तेही सहा वेळा विभागून. एका वेळी चहाचा चमचा शिगोशीग भरेल एवढंच. तुम्हाला हे क्रूर वाटेल. ती बशी चाटून पुसून काढेल आणि स्वयंपाकघराच्या दारात बसून ओरडेल. ओरडू द्या. घरात सगळ्यांना एकत्र बसवून सांगा, कारण एकाने मोजून घालायचं आणि दुसऱ्याने दया येऊन बांगड्याचं डोकं टाकायचं, हे प्रत्येक घरात होतं. फ्रिजला कागद लावा, जो घालेल त्याने वेळ आणि चमचे लिहायचे.

पाकीट घेताना दोन गोष्टी पाहा. त्यावर तो पूर्ण आहार असल्याचं लिहिलेलं हवं. नुसत्या ट्यूनाच्या चटकदार नळ्या आणि टॉपिंग म्हणजे खाऊ, जेवण नव्हे. दुसरं, पातळ रश्शातल्या तुकड्यांपेक्षा मऊ गोळ्यासारखं मिळालं तर ते घ्या, त्यात पीठ कमी असण्याची शक्यता जास्त. पिल्लांसाठीचं ओलं खाणंही चालतं, फक्त ते जास्त ताकदीचं असतं म्हणून कॅलरी मोजून द्या. कोरडे दाणे सध्या नकोत. त्यांत पिष्ट भरपूर, पाणी जवळजवळ नाही, आणि मूठभर दाण्यांत दिवसाचा सगळा हिशेब उडून जातो.

पाकीट मिळेपर्यंत घरातलं काय चालेल? बिनमिठाची, बिनहळदीची उकडलेली कोंबडी, हाडं काढून, बारीक कुस्करून, त्यातलंच थोडं कोमट पाणी घालून. ते पाणी फेकू नका, मांजरांना लागणारं टॉरिन हे पोषकद्रव्य उकळताना त्यातच उतरतं. पण नुसत्या कोंबडीवर आठवडेच्या आठवडे काढू नका, कॅल्शियम आणि बरंच काही त्यात कमी पडतं. नुस्त्याचं, म्हणजे माशांचं म्हणाल तर गोव्यातलं मांजर नुस्त्यावरच जगतं हे मलाही मान्य, पण कच्चे तारले नकोत. काही जातींच्या कच्च्या माशांत ब १ जीवनसत्त्व नष्ट करणारा पदार्थ असतो, आणि हिच्याकडे ते आधीच कमी. उकडल्यावर तो पदार्थ निकामी होतो, तेव्हा काटे काढलेला उकडलेला मासा चवीपुरता चालेल. आपल्या ताटातलं हुमण किंवा कढी, म्हणजे माशाचं कालवण, मात्र बोटभरही नाही. त्यातला कांदा आणि लसूण मांजराच्या तांबड्या पेशी फोडतात. दूधही बंद. मोठ्या मांजरांपैकी बहुतेकांना ते पचत नाही, आणि जुलाबातून हिचं असलेलं पाणीही जाईल. प्यायला साधं स्वच्छ पाणी, दोन ठिकाणी ठेवा.

प्रत्येक वाढपाआधी खाणं कोमट करा, वास सुटला पाहिजे. आणि आधी तिचे कान आणि पंजे हाताने बघा. ते गार लागत असतील आणि ती निपचित असेल तर खाणं बाजूला ठेवा. मांजराचं अंग 38 ते 39 अंशांच्या आसपास असायला हवं. गारठलेल्या शरीरात आतडी नीट चालत नाहीत. कोमट पाण्याची बाटली जुन्या टॉवेलात गुंडाळून शेजारी ठेवा आणि तिला घेऊन दवाखाना गाठा. सिरिंजने तोंडात ढकलू नका. अशक्त मांजराच्या ते फुफ्फुसात जातं, आणि वाचलीच तर त्या खाण्याचीच तिला शिसारी बसते.

आता ज्यासाठी मी एवढं लांबण लावतेय ते. अशी मांजर पहिले दोन दिवस टवटवीत दिसते. घरातले म्हणतात, बघा, सुधारली. बिघडायचं असेल तर बहुधा त्यानंतर बिघडतं, पहिल्या आठवड्याच्या आतच. मान वर धरता येत नाही, हनुवटी छातीकडे लोंबते. चालताना झोकांड्या जातात. श्वास जलद चालतो, लघवी तांबूस किंवा चहासारखी गडद होते, हिरड्या पांढऱ्या किंवा पिवळ्या पडतात, झटके येतात. यातलं एकही दिसलं तर सकाळपर्यंत थांबू नका. आणि उलट, ही अधाशी मांजर अचानक दिवसभर काहीच खाईनाशी झाली तर तेही तातडीचंच समजा. न खाणाऱ्या मांजराचं यकृत फार लवकर चरबीने भरतं.

खरं तर दवाखान्यात आजच जायला हवं, लक्षणं दिसायच्या आधी. रक्त तपासताना पोटॅशियम आणि साखरेबरोबर फॉस्फरस मुद्दाम मागा, सगळ्या नेहमीच्या तपासण्यांत तो असतोच असं नाही. ब १ चं इंजेक्शन खाणं वाढवायच्या आधी द्यायचं का, तेही विचारा. तुम्ही म्हापशाला आहात, जवळ खासगी डॉक्टर आहेत. खर्चाची अडचण असेल तर पणजीजवळ टोंकला सरकारी पशुवैद्यकीय इस्पितळ आहे, आणि आसगावला इंटरनॅशनल ॲनिमल रेस्क्यूकडेही विचारता येईल.

डॉक्टरांना तोंड नीट उघडून पाहायला सांगा. ही शॅकवरची, किनाऱ्यावरची मांजर आहे. टाळूत किंवा घशात रुतलेला गळ, जिभेखाली अडकलेला तंगूस (गळाचा दोरा), सडलेले दात, हिरड्यांची सूज, यातलं काहीही असू शकतं. दोरा दिसला तर घरी ओढू नका. त्याचं दुसरं टोक आतड्यात असलं तर ओढताना आतडं कापलं जातं. पोट आणि सडही पाहा. दूध येत असेल तर पिल्लं कुठेतरी मागे राहिली आहेत, मग मोरजीला परत एक फेरी मारावी लागेल, आणि तिच्या खाण्याचा हिशेबही डॉक्टरांकडून नव्याने मांडून घ्यावा लागेल.

नसेल काही, तर कारण साधंच असेल. मे अखेर शॅक आवरतात, पर्यटक जातात, 1 जूनपासून 31 जुलैपर्यंत यांत्रिक बोटींची मासेमारी बंद. ज्या मांजरांची सात-आठ महिने चंगळ होती त्यांच्यापुढे भर पावसात काहीच उरत नाही. दर जूनमध्ये जेट्टीवर आणि किनाऱ्यावर हेच चित्र असतं, आणि शॅकवाल्यांनी जाताना याचा विचार करायला हवा असं माझं स्पष्ट मत आहे. पण हिचं वय जास्त असेल आणि पोटभर खाऊनही महिन्याभरात अंग धरत नसेल, तर थायरॉइड, मूत्रपिंडं आणि मधुमेह तपासून घ्या.

जंताचं औषध लागणार, बहुतेक नक्की. पण ते पहिल्या दिवशी नको. खाणं सुरळीत पचू लागल्यावर, वजनाप्रमाणे, डॉक्टरांनी दिलेलंच. पिसवांसाठी कुत्र्याचं मानेवर टाकायचं औषध चुकूनही वापरू नका, त्यात परमेथ्रिन हे कीटकनाशक असलं तर मांजर मरतं. पॅरासिटामॉलही तसंच विष, अर्धी गोळीसुद्धा. पावसात आपण फरशीला फिनेल जास्त मारतो, ते तिच्या खोलीत वापरू नका, कारण फरशीवरचं सगळं पंजे चाटताना पोटात जातं. आंघोळ घालू नका.

बोक्यापासून निदान दोन आठवडे वेगळं ठेवा. वेगळी खोली, वेगळी बशी, हात धुऊनच इकडून तिकडे. बोक्याचं लसीकरण झालेलं नसेल तर आधी डॉक्टरांना विचारून ते उरका. मांजरांच्या पॅनल्युकोपेनिया या जीवघेण्या आजाराचा विषाणू घरात महिनोन् महिने टिकतो. आणि तिने कोणाला चावलं किंवा ओरबाडलं तर जखम साबणाने वाहत्या पाण्याखाली पंधरा मिनिटं धुवा आणि त्याच दिवशी आरोग्य केंद्रात रेबीजची लस सुरू करा. 2021 मध्ये गोवा रेबीज नियंत्रित राज्य म्हणून जाहीर झालं असलं तरी यात हयगय नको.

शेजाऱ्यांचं टॉनिक डॉक्टरांना दाखवल्याशिवाय उघडू नका. त्यांतल्या बऱ्याच बाटल्यांत साखरच जास्त असते.

पहिला आठवडा पार पडला की मग हात सैल सोडता येतो. हळूहळू 200 किलोकॅलरीपर्यंत जा, दिवसाला चार वेळा. वजन रोज एकाच काट्यावर, सकाळी खाण्याआधी घ्या. स्वयंपाकघरातला पाच किलोचा डिजिटल काटा आणि त्यावर प्लास्टिकचा टब पुरतो. आठवड्याला पन्नास ते शंभर ग्रॅम चढत असेल तर मला ते पुरेसं वाटतं. आधी डोळ्यांत तेज येतं, मग ती अंग चाटून साफ करायला लागते, मांस भरायला त्याहून बराच वेळ लागतो. कमरेची हाडं सगळ्यात शेवटी झाकतात.

ऑक्टोबराचं म्हणाल तर आत्ता ठरवू नका. तोपर्यंत वजन आलेलं असेल तर आधी नसबंदी आणि रेबीजची लस करून घ्या. मग शॅकवाल्याला थेट विचारा, पुढच्या जूनमध्ये हिला कोण घालणार? नाव सांगता आलं त्याला, आणि ते माणूस खरंच मोरजीत बारा महिने राहणारं असेल, तर सोडायला हरकत नाही. नाहीतर ती तुमचीच.