दोन चंद्रांचं ग्रहण किती वर्षांनी व्हावं?
कथेतल्या जगाला दोन चंद्र आहेत, तर दोघांनी एकदम सूर्य झाकायचा योग किती वर्षांनी यावा, असं तुम्ही विचारलंय. शतकं तरी धराच. आपल्या एकाच चंद्राची कक्षा साधारण ५ अंश कललेली आहे, म्हणून दर अमावास्येला ग्रहण होत नाही. एखाद्या गावाच्या वाट्याला खग्रास सरासरी ३७५ वर्षांनी येतं. दुसऱ्या चंद्राला वेगळा कल द्या, काम झालं. आमच्या साताऱ्यातून २६ डिसेंबर २०१९ चं ग्रहणसुद्धा खंडग्रासच होतं. खंडग्रासात झाडाखालचे कवडसे चंद्रकोरीसारखे होतात. तुमच्या जगात प्रत्येक कवडसा दोन्हीकडून कुरतडलेला दाखवा, फार सुंदर वाटेल! आणि गोष्टीत समुद्र असेल, तर दोन्ही चंद्र आणि सूर्य एका रेषेत आल्यानं त्या दिवशी येणारी मोठी भरती विसरू नका.