‘बुडत चाललेलं’ जहाज: मुंबई बंदरातली ‘मॅगडाला’

मुंबई बंदराच्या जुन्या फोटोतलं ते जहाज बुडतंय का, आणि शिडं नसलेलं, डेक पाण्याला टेकलेलं असलं धूड ब्रिटिशांनी समुद्रात लढायला पाठवलंच कसं, असं तुम्ही विचारलंय. ते बुडत नाहीये, त्याची ठेवणच तशी आहे. आणि खुल्या समुद्रात लढण्यासाठी ते नव्हतंच.

तुमच्या वर्णनावरून ती ‘मॅगडाला’ किंवा ‘ॲबिसिनिया’ असणार. दोन्ही लंडनच्या गोद्यांत बांधल्या, दोन्ही 1870 च्या सुरुवातीला पाण्यात उतरल्या, आणि दोन्ही खास मुंबईच्या रक्षणासाठी. नावं कुठून आली ते उघड आहे. 1868 ची ॲबिसिनियाची (आजच्या इथिओपियाची) मोहीम मुंबईहूनच निघाली होती, आणि मुंबई फौजेचा सरसेनापती रॉबर्ट नेपियर याने मॅगडालाचा किल्ला घेतला होता.

अशा जहाजांची गरज का पडली? 1862 मध्ये अमेरिकेच्या यादवी युद्धात हॅम्प्टन रोड्सला एका चिलखती जहाजाने दोन मोठी लाकडी जहाजं दिवसभरात निकालात काढली. पुढच्याच वर्षी इंडियन नेव्ही, म्हणजे ब्रिटिश हिंदुस्थानचं तेव्हाचं आरमार, मोडीत निघाली. तिच्या जागी आलेली बॉम्बे मरीन म्हणजे मुख्यतः सैन्य आणि सामान वाहणारं खातं. कापसाच्या पैशाने फुगलेलं बंदर समुद्राच्या बाजूने जवळजवळ उघडं पडलं.

आता त्या बुडक्या डेकबद्दल. डेक पाण्यापासून जेमतेम तीन-चार फूट वर. बाजू जितकी बुटकी, तितकं चिलखत कमी लागतं आणि शत्रूला नेम धरायला जागाही कमी मिळते. पण असल्या जहाजाच्या झडपांतून लाटेचं पाणी आत शिरतं. आरमाराचा मुख्य रचनाकार एडवर्ड रीड याने त्यावर तोड काढली ती अशी: डेकच्या मधोमध जाड लोखंडाची एक तटबंदी उभी करायची आणि तोफांच्या फिरत्या बुरुजांची बैठक, धुराडं, आत उतरायच्या वाटा, सगळं तिच्या आत घ्यायचं. मग डेकवरून लाट गेली तरी बिघडत नाही. पुढे एक, मागे एक असे दोन बुरूज, प्रत्येकात 10 इंची दोन तोफा. एकेक तोफ 18 टनांची, गोळा सुमारे 400 पौंडांचा, म्हणजे 180 किलोंच्या आसपास, आणि तोही नळीच्या तोंडाकडूनच भरायचा! शिडं-डोलकाठ्या नाहीत हे मुद्दाम: दोर आडवे आले की बुरूज चौफेर फिरवून मारा करता येत नाही. ‘मॅगडाला’ला मुंबईपर्यंतच्या प्रवासापुरत्या तीन डोलकाठ्या लावल्या होत्या, एवढंच.

वेग साधारण दहा नॉट, कोळसा थोडा. ॲडमिरल बॅलार्डने या जातीच्या जहाजांना गाढवावर बसलेल्या चिलखतधारी सरदारांची उपमा दिली होती: टाळायला सोपे, पण अंगावर घेणं महागात पडेल असे. मला ती उपमा अर्धीच पटते. शत्रूने टाळावं तरी कसं? त्याला मुंबईच हवी असेल तर बंदराच्या तोंडातूनच यावं लागणार. यांना तरंगत्या बुरुजांच्या मापाने तोलायला हवं, दूरवर वेगाने फिरणाऱ्या क्रूझरच्या नव्हे. बाकी पैशाची चणचण होतीच. मूळ आराखड्याला कात्री लावूनच ‘ॲबिसिनिया’ बांधली गेली, म्हणून ती ‘मॅगडाला’पेक्षा लहान: 2,900 टन विरुद्ध 3,340.

खरी लढाई दोघींच्या वाट्याला कधी आलीच नाही. 1890 च्या सुमारास जुन्या तोफा काढून मागून भरायच्या 8 इंची तोफा बसवल्या, आणि 1903 मध्ये दोन्ही भंगारात विकल्या. मुंबईत पाहण्यासारखं काही उरलेलं नाही.

मेलबर्नकडचे कुणी वाचत असतील तर मात्र एक काम करा. ‘मॅगडाला’ची बहीण, म्हणजे त्याच धाटणीचं जहाज ‘सर्बेरस’, ब्लॅक रॉकजवळच्या हाफ मून बेमध्ये आहे. 1926 मध्ये लाटा अडवायला ती मुद्दाम तिथे बसवली. 1993 मध्ये तिचा सांगाडा खचला, आणि वजन कमी करायला 2005 मध्ये चारही तोफा उतरवून शेजारी समुद्रतळाशी ठेवल्या. बुरूज किनाऱ्यावरून अजून दिसतात. फोटो काढलात तर इथे टाका, मुंबईच्या त्या जुन्या फोटोशी ताडून पाहू.