येरेवानहून एका दिवसात सेवान, गार्नी आणि गेघार्द: टूर घ्यावी का?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे ना, की आर्मेनियाच्या राजधानीत, येरेवानमध्ये तीन रात्री आहेत, जुलैचा पहिला पंधरवडा, सोबत सत्तरीचे आईबाबा आणि सात वर्षांची मुलगी, आणि सेवान लेक, गार्नीचं देऊळ, गेघार्दचा मठ असं सगळं एकाच दिवसात दाखवणारी गाइडेड टूर मिळतेय तर ती घ्यावी की स्वतः गाडी करून जावं. शिवाय पायऱ्या किती आणि शाकाहारी जेवणाचं काय. माझा भाचा तिथे मेडिकलला आहे त्यामुळे आमचं जाणंयेणं असतं, पाहुणे आले की हाच रूट होतो, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

माझं मत आधीच सांगते. गाइडचे पैसे गार्नी-गेघार्दसाठी द्या, सेवानसाठी देऊ नका. तलावाला वेळ लागतो, माहिती नाही लागत. आणि अवशेषांचं नेमकं उलटं आहे, तिथे कोणी सांगणारं नसेल तर वीस मिनिटांत फोटो काढून माणूस बाहेर येतो आणि म्हणतो की ठीक होतं, एवढं काय त्यात.

आता अंतरं बघा. गार्नी येरेवानपासून २८-३० किमी, तिथून पुढे गेघार्द अजून दहाएक किमी, हे सगळं शहराच्या पूर्वेला डोंगरात. सेवान वेगळ्या हायवेवर ईशान्येला, ६५ किमीच्या आसपास. म्हणजे तिन्ही केलं की दिवसाचं २०० किमीच्या वर ड्रायव्हिंग होतं. रस्ते चांगले आहेत, अशक्य काहीच नाही, हजारो लोक करतात, पण ग्रुप टूरमध्ये पन्नास माणसांची बस असते, प्रत्येक ठिकाणी चढायउतरायलाच पंधरा मिनिटं जातात, मग गार्नीला पाऊण तास, गेघार्दला पाऊण तास आणि सेवानला तासभर असं वाट्याला येतं आणि त्यात जेवण, त्यात लवाश (तिथली पातळ रोटी) भाजण्याचा डेमो, त्यात वाईन टेस्टिंगचा थांबा. आईबाबा सोबत असतील तर हा हिशोब जमत नाही.

म्हणून मी काय करेन, तर अर्ध्या दिवसाची फक्त गार्नी-गेघार्दची टूर घेईन (अशा भरपूर असतात, सकाळी निघून दुपारी परत) आणि सेवानला दुसऱ्या दिवशी टॅक्सीने जाईन. यांडेक्स किंवा जीजी अ‍ॅपवरून गाडी मिळते, पण परतीसाठी तिकडून बुक करायला गेलात तर कधी मिळते कधी नाही, त्यामुळे जाऊन-येऊन थांबायच्या बोलीवर गाडी ठरवावी. ड्रायव्हर गप्पिष्ट असतात पण बहुतेकांना रशियन आणि आर्मेनियन येतं, इंग्लिश जेमतेम, तर ते गाइडचं काम करतील अशी अपेक्षा ठेवू नका.

टूर बुक करताना एक प्रश्न नक्की विचारा जो कोणी विचारत नाही: बसमध्ये एक भाषा आहे की दोन? बऱ्याच बसमध्ये एकच गाइड आधी रशियनमध्ये बोलतो, मग तेच इंग्लिशमध्ये, म्हणजे तुमच्या वाट्याला निम्मीच माहिती येते, आणि खाली उतरल्यावर रशियनवाले पुढे निघून जातात आणि तुम्ही अजून दारातच. फक्त इंग्लिशची टूर थोडी महाग असली तरी ती घ्या. हॉटेलवरून पिकअप बहुतेक ग्रुप टूरमध्ये नसतो, रिपब्लिक स्क्वेअरजवळ ऑफिसपाशी जमायचं असतं, वेळेवर निघतात, उगाच वाट बघत बसणार नाहीत.

गार्नीबद्दल आधी थोडं माहीत असलं की बरं पडतं कारण पहिल्या नजरेला ते एकदम ग्रीक वाटतं, २४ खांब, त्रिकोणी माथा, आणि माणसाला वाटतं हे इथे कसं काय. साधारणपणे इसवी सन ७७ च्या सुमाराला पहिल्या तिरिदातेस राजाने बांधलं असं मानतात, रोमन पद्धतीने पण स्थानिक काळ्या-करड्या बेसॉल्टमध्ये. चौथ्या शतकाच्या सुरुवातीला देश ख्रिश्चन झाला तेव्हा जुनी देवळं पाडली गेली, हे एक राहिलं. ते देऊळच होतं की एखाद्या राजाचं थडगं यावर अभ्यासकांचे अजून वाद आहेत, गाइड बरा असेल तर हे सांगतो, नसेल तर सूर्यदेवाचं मंदिर म्हणून मोकळा होतो. १६७९ च्या भूकंपात ते पूर्ण कोसळलं आणि आज जे उभं दिसतं ते १९६९ ते ७५ मध्ये सोव्हिएत काळात अलेक्सांद्र साहिन्यान या आर्किटेक्टच्या देखरेखीखाली पडलेले दगड पुन्हा जुळवून उभं केलेलं आहे. जवळ जाऊन बघा, काही दगड कोरीव नसलेले, साधे गुळगुळीत दिसतील. ते नवीन. जुनं कुठलं आणि भर कुठली हे कळावं म्हणून मुद्दाम तसे ठेवलेत. मुलीला हाच खेळ द्या, नवे दगड शोध म्हणावं, अर्धा तास ती हलणार नाही (आणि तुम्हाला शांतपणे ऐकता येईल).

लोक देवळापाशीच थांबतात पण त्याच आवारात बाजूला रोमन पद्धतीचं स्नानगृह आहे, वर शेड बांधलीय म्हणून नजरेतून सुटतं. जमिनीखालून गरम हवा खेळवायची सोय होती, आणि एका खोलीत मोझेक आहे, समुद्रदेवता, मासे वगैरे, त्यावर ग्रीकमध्ये लिहिलंय की आम्ही काम केलं पण मिळालं काहीच नाही, निदान असाच अर्थ बहुतेक जण लावतात. सतराशे-अठराशे वर्षांपूर्वी पण ठेकेदाराने पैसे बुडवले असतील बहुतेक! बाबांना हे आवडेल. देवळाला लागूनच सातव्या शतकातल्या गोल चर्चचा नुसता पाया उरलाय, तोही गाइडला दाखवायला सांगा.

पायऱ्यांचं म्हणाल तर गार्नीच्या देवळाच्या नऊच आहेत पण एकेक फूटभर उंच, नेहमीच्या पायरीच्या जवळजवळ दुप्पट, आणि आधाराला कठडा नाही. गुडघ्याचा त्रास असेल तर वर न चढलेलंच बरं, आतला गाभारा छोटा आणि रिकामाच आहे, बाहेरून सगळं दिसतं. आवार सपाट आहे, बसायला जागा आहे, आणि मागच्या कड्यावरून आझात नदीची दरी दिसते. त्या दरीत खाली षटकोनी बेसॉल्ट खांबांची भिंत आहे, सिम्फनी ऑफ स्टोन्स म्हणतात, लाव्हा थंड होताना आकसून तसे खांब पडतात. अर्ध्या दिवसाच्या टूरमध्ये ते असेलच असं नाही, आणि वरून ते नीट दिसतही नाही. गार्नी गावातून खाली जायला जीप मिळतात. माझ्या मते बघण्यासारखं आहे, तुमची टूर तिथे नेत असेल तर तीच निवडा, वाईनचा थांबा सोडला तरी चालेल.

गेघार्द मात्र वेगळंच प्रकरण. आपण वेरूळ-अजिंठा बघून मोठे झालेले लोक, त्यामुळे डोंगरात कोरलेलं म्हटलं की आपण जरा नाक वर करून जातो, पण इथे मजा वेगळी आहे. बाहेरचं मुख्य चर्च १२१५ चं, बांधीव, आणि त्याच्या आतून दार उघडतं ते थेट डोंगरात कोरलेल्या खोल्यांमध्ये, वरून छताच्या एका भोकातून उजेड येतो तेवढाच. एका खोलीत खडकातून झरा वाहतो, लोक तोंडावर पाणी घेतात, बाटल्या भरतात. प्रोश्यान या सरदार घराण्याच्या दफनाच्या दालनात भिंतीवर साखळीने बांधलेले दोन सिंह आणि खाली गरुड कोरलाय, नीट बघा. आणि वरच्या मजल्यावरचं दालन अजिबात सोडू नका, बाहेरून दगडी जिना चढून अरुंद बोगद्यातून जावं लागतं, १२८८ चं आहे आणि तिथे आवाज असा घुमतो की एक माणूस गायला तरी चारजण गाताहेत असं वाटतं. काही टूरवाले तिथे गाणाऱ्यांचा छोटा ग्रुप ठेवतात, कधी योगायोगाने कोणी गाताना सापडतं. कोणी नसेल तर आईंना एखादा अभंग हळू आवाजात म्हणायला सांगा, कोणी काही म्हणत नाही, फक्त प्रार्थना चालू असेल तर नको. गार्नी नाही पण गेघार्द युनेस्कोच्या यादीत आहे, २००० पासून, आणि तिथे तिकीटही नाही. पार्किंगपासून दारापर्यंत चढ आहे, फार नाही पण फरशी दगडी, गुळगुळीत झालेली, आईबाबांना चपला नको, बूट घालायला सांगा. खांदे-गुडघे झाकलेले कपडे.

रविवारी गेघार्दला जाणार असाल तर एक सांगून ठेवते म्हणजे धक्का बसणार नाही. तिथे मताघ म्हणून जुनी प्रथा आहे, नवस फेडायला कोंबडा किंवा मेंढरू कापून ते मांस वाटतात. मठाच्या आत नाही, बाहेरच्या बाजूला, पण येताजाता दिसू शकतं. लहान मुलगी सोबत आहे म्हणून लिहिलं. शक्यतो मधल्या वारी जा, गर्दीही कमी.

जाताना वाटेत चारेंत्स या कवीच्या नावाची कमान लागते, तिथे गाडी थांबवायला सांगा. आरारात पर्वत तिथून समोर दिसतो, ५१३७ मीटर, आहे मात्र तुर्कस्तानात. जुलैमध्ये दुपारी उष्म्याने सगळं धुरकट होतं आणि डोंगर अक्षरशः गायब होतो, सकाळी लवकर निघालात तर दिसेल. हे पण सकाळची टूर घेण्याचं एक कारण.

आता सेवान. १९०० मीटरवर आहे, येरेवान साधारण १००० मीटरवर, त्यामुळे शहरात ३८ डिग्री असताना तिथे पंचवीसच्या आत असू शकतं आणि वारा सुटला की दातावर दात. एक एक जॅकेट हवंच, आणि ऊन मात्र खालच्यापेक्षा जास्त भाजतं, त्या गार हवेत कळत नाही, संध्याकाळी आरशात कळतं. तलाव म्हणजे तळं नाही हो, बाराशे चौरस किमीच्या वर पसरलाय, पलीकडचा काठ बऱ्याचदा दिसत नाही.

त्याची गोष्ट तुम्हीच मुलीला सांगा, त्यासाठी गाइड नको. तलावात २८ नद्या-ओढे येऊन मिळतात आणि बाहेर पडते एकच, ह्राझ्दान. सोव्हिएत सरकारने १९३० च्या दशकापासून या एका तोंडातून वीज आणि शेतीसाठी भरमसाट पाणी सोडलं, पाणी जवळजवळ १९-२० मीटर खाली गेलं. मग तलावच मरायला लागला हे लक्षात आल्यावर उलटा उद्योग, अर्पा नदीचं पाणी तलावात आणायला ४८ किमीचा बोगदा, तो १९८१ ला पूर्ण झाला. ज्या सेवानावांक मठाच्या टेकडीवर तुम्ही चढणार ती टेकडी मुळात बेट होती, पाणी उतरलं आणि ती जमिनीला जोडली गेली. ८७४ साली राजकन्या मारियमने मठ बांधला तेव्हा होडीशिवाय तिथे जाता यायचं नाही.

वर जायला दोनशेच्या वर पायऱ्या आहेत. सावकाश चढलं, मध्ये थांबलं तर जमतं, पण बाबांना दम्याचा किंवा हृदयाचा त्रास असेल तर हट्ट नको, खालूनही पाणी सुंदरच दिसतं. ग्रुप टूरमध्ये हाच घोळ होतो बघा, तासभर मिळतो, त्यात वृद्ध माणसं चढेपर्यंत खाली शिट्टी. स्वतःच्या गाडीने गेलात तर दोन तास निवांत वर बसा. चर्च दोनच आणि छोटी आहेत, बघायचं असतं ते त्यांच्यामागचं पाणी. पोहायचं मुलीच्या डोक्यात असेल तर जुलैत पाणी गारच असतं, आणि २०१८ पासून काही उन्हाळ्यांत शेवाळाने पाणी हिरवं होतंय, तसं दिसलं तर उतरू देऊ नका. मी तर पाय बुडवण्यापुरतंच म्हणेन.

जेवण. सेवानच्या काठावर सगळीकडे मासेच, इश्खान नावाचा ट्राउट तिथला मानाचा मासा, जंगली इश्खान आता जवळजवळ संपलाय, हॉटेलात मिळतो तो फार्ममधला. तुम्ही शाकाहारी, तर लवाश, चीज, हिरव्या पाल्याची थाळी, कोळशावर भाजलेली वांगी-टोमॅटो-मिरची हे कुठेही मिळतं आणि आपल्या तोंडाला छान लागतं. ‘पासुत्स’ म्हणजे उपासाचं असं विचारलंत तर मांस, दूध, अंडं काहीच नसलेलं मिळतं, पासुत्स तोल्मा म्हणजे डाळीकडधान्याचं सारण भरलेली पानं, मस्त असते. सूप मागवताना मात्र विचारा, रस्सा बऱ्याचदा मांसाचा असतो. टूरमध्ये जेवण असेल तर बुकिंगलाच व्हेज लिहून द्या. गेघार्दच्या रस्त्यावर बायका गाता नावाची गोड रोटी आणि द्राक्षाच्या रसात बुडवलेले अक्रोडाचे हार विकतात, त्याला सुजुख म्हणतात, पण त्याच नावाचं मसालेदार मांसाचं सॉसेजही असतं, त्यामुळे दुकानात घेताना बघून घ्या. सुटे द्राम (तिथलं चलन) जवळ ठेवा, तिथे कार्ड चालत नाही आणि टॉयलेटलाही नाणी लागतात.

आणि हो, जुलै म्हणताय तर वर्दावार तुमच्या तारखांत येतो का बघा. ईस्टरनंतर ९८ दिवसांनी रविवारी असतो, दरवर्षी तारीख बदलते, त्या दिवशी अख्खा देश एकमेकांवर बादल्यांनी पाणी ओततो, ओळखदेख न बघता, म्हणजे रंगाशिवायची रंगपंचमी समजा. मुलीला धमाल, आईबाबांना त्या दिवशी हॉटेलात ठेवा किंवा मोबाईल-पासपोर्ट प्लॅस्टिकमध्ये घालून फिरा, आणि टूर त्या रविवारी नको. नक्की तारखा इथे लिहा, मी मोजून सांगते, आणि आईंचे गुडघे कसे आहेत तेही सांगा म्हणजे खालच्या दरीचं बघता येईल.